हे लिहिले कोणी?

आमच्या मंडळाने गेल्या थंडीत परभाषेतील एक विनोदी चित्रपट सभासदांना दाखवला. चित्रपट फ्रेंच, १९५६ सालचा, ‘ला त्राव्हेर्से द पारी’. मराठीत ‘पॅरिस ओलांडताना’ म्हणता येईल. सभासदांना वाटलेल्या पत्रकावर दिग्दर्शकाचे नाव ठळक टाइपात होते आणि त्याखाली तीन नटांची नावे होती. खेळ संपला, चहा झाला, सगळ्यांनी मनमुराद हसून घेतले होते. तेवढ्यात मंडळाच्या एका वयोवृद्ध सभासद बाईंनी विचारले, “छान होता हो, पण हे लिहिलं कुणी?” पत्रक तयार करणारे आम्हीच. आम्हांला उत्तर देता आले नाही.

प्रश्न साधा होता आणि तो त्यांच्याच तोंडून यावा हे स्वाभाविक होते. त्यांच्या पिढीने नाटके पाहिली ती लेखकाच्या नावाने. बडोद्याला, इंदुराला नाटक मंडळ्यांचे मुक्काम पडत, तेव्हा घरोघर प्रश्न असे तो ‘नाटक कोणाचे?’ हा, आणि उत्तर येई, ‘देवलांचे’, ‘गडकऱ्यांचे’. गाणारा कोण, स्त्रीपार्ट कोण करतो, हे त्यामागून. चित्रपटगृहात शिरताच मात्र हाच मराठी रसिक लेखकाला दाराबाहेर चपलांपाशी ठेवून आत जातो. ही सवय आपल्याला कोठून लागली आणि ती सोडली का पाहिजे, हे सांगण्यासाठी हा लेख आहे. त्या संध्याकाळच्या चित्रपटाचा लेखकच त्याला उत्तम निमित्त पुरवतो, कारण लेखकाला पुसून टाकण्याची ही रीत ज्या एका निबंधाने जगभर रूढ केली, त्याचा पहिला घाव ह्याच लेखकावर पडला होता.

त्याचे नाव ज्याँ ओराँश. जन्म १९०३, दक्षिण फ्रान्समधील पिएरलात येथे, मृत्यू १९९२. तरुणपणी अतिवास्तववादी मंडळींत त्याची ऊठबस होती. चित्रकार माक्स एर्न्स्ट हा त्याचा मेहुणा. पोटासाठी त्याने जाहिरातींचे छोटे चित्रपट केले. पुढे नाटककार म्हणून गाजलेला ज्याँ आनुई त्या काळी जाहिरातीच्या धंद्यात त्याचा सोबती होता, आणि दोघांनी मिळून १९३७ च्या सुमारास हलक्याफुलक्या विनोदी पटकथाही लिहिल्या. जाहिरातीच्या कामाने ओराँशला एक गोष्ट शिकवली असली पाहिजे: थोडक्या वेळात, एका वस्तूच्या आधाराने, प्रेक्षकाला हसवायचे. ही विद्या त्याला जन्मभर पुरली.

दुसऱ्या महायुद्धाच्या काळात त्याची गाठ पिएर बोस्त ह्या कादंबरीकाराशी पडली. बोस्त हा पाद्र्याचा मुलगा, शांत, नेमस्त, भाषेचा जाणकार. ओराँश कल्पक, बोलघेवडा, प्रसंगामागून प्रसंग रचणारा. ढोबळमानाने बोलायचे तर प्रसंगांची रचना पहिल्याची आणि संवादांची घडण दुसऱ्याची, अशी ही जोडी जमली, आणि क्लोद ओताँ-लारा ह्या दिग्दर्शकासाठी तिने एकामागून एक चित्रपट लिहिले. गंभीर चित्रपटही त्यांच्या नावावर आहेत. १९५२ चा ‘झ्यो अँतेर्दी’ हा त्यांतला सर्वांत प्रसिद्ध. परंतु ओराँशचा मूळ पिंड विनोदकाराचा, आणि तोही काळ्या विनोदाचा. दोन चित्रपटांवरून ते दाखवता येईल.

पहिला १९५१ चा ‘लोबेर्ज रूज’, म्हणजे ‘लाल सराई’. आर्देशच्या डोंगराळ मुलखात पेरबेय येथील एका सराईच्या मालकांना उतारूंच्या खुनाच्या आरोपावरून १८३३ मध्ये गिलोटिनखाली मरण आले होते. ओराँशचे जन्मगाव रोन नदीच्या अलीकडे, तर आर्देश पलीकडे. त्याने ही भयकथा उचलली आणि तिचे प्रहसन केले. बर्फात अडकलेले प्रवासी सराईत येतात, त्यांच्यासोबत एक संन्यासीही येतो. ही भूमिका फेर्नांदेलची. सराईवाली बाई त्याच्यापाशी पापाची कबुली देते: आम्ही उतारूंना मारतो, आजही मारणार आहोत. आमच्या गोव्यातील वाचकांना ‘कुमसार’ काय असते ते सांगायला नको. कबुलीजबाबात ऐकलेले पाद्र्याने कोणालाही सांगायचे नाही, प्राण गेला तरी नाही. म्हणजे ह्या भल्या गृहस्थाला सगळे ठाऊक आहे, सगळ्यांना वाचवायचे आहे आणि त्याला तोंड मात्र उघडता येत नाही. पुढचा सारा चित्रपट ह्या एका गाठीतून उलगडतो. प्रवाशांना जागे ठेवण्यासाठी, त्यांना बाहेर काढण्यासाठी तो ज्या खटपटी करतो त्या त्यांना वेडाच्या वाटतात. सराईत कबुलीजबाबाची जाळी नाही, म्हणून चेस्टनट भाजायच्या भोकाभोकांच्या तव्याआडून पापनिवेदन होते. आधी मारलेल्या एका फिरत्या वाजंत्र्याचे प्रेत अंगणात बर्फाच्या बाहुल्यात दडवलेले आहे. आणि एवढे करून प्रवासी सुखरूप निघाले असे वाटते, तोच सराईवाल्याने खिळखिळा केलेला पूल आडवा येतो.

दुसरा चित्रपट आमच्या सभासदांनी पाहिला तो. मूळ कथा मार्सेल एमेची, १९४७ च्या संग्रहातली. पॅरिस जर्मनांच्या ताब्यात आहे, शहरात अन्नाची टंचाई आहे, रात्री संचारबंदी आहे. मार्तँ हा बेकार टॅक्सीवाला काळ्या बाजारातले डुकराचे मांस चार पेट्यांतून शहराच्या एका भागातून माँमार्त्रपर्यंत पायी पोहोचवण्याचे काम घेतो. जोडीदार म्हणून ज्याला तो वाटेत उचलतो, तो निघतो एक यशस्वी चित्रकार, केवळ गंमत म्हणून आलेला. तळघरात डुक्कर मारताना त्याचे ओरडणे बाहेर जाऊ नये म्हणून मार्तँ अकॉर्डियन वाजवत बसतो. मांसाच्या वासाने रस्त्यावरची कुत्री पेट्यांमागे लागतात. चित्रकार किराणा दुकानदाराकडे जास्त पैसे मागतो, आणि तो देईना तेव्हा त्याचे नाव-पत्ता मोठमोठ्याने ओरडू लागतो. प्रत्येक आरोळीबरोबर बिचाऱ्या दुकानदाराचा थरकाप वाढतो. दुकानदाराच्या लहानशा भूमिकेत लुई द फ्यूनेस आहे, चित्रकार ज्याँ गाबँ आणि मार्तँ बूरविल. ह्या भूमिकेसाठी बूरविलला त्या वर्षी व्हेनिसच्या महोत्सवात उत्कृष्ट नटाचे पारितोषिक मिळाले. पटकथा-संवाद ओराँश आणि बोस्त ह्यांचे. बाईंच्या प्रश्नाचे उत्तर हे.

आता त्या निबंधाकडे वळू. जानेवारी १९५४. ‘काये द्यु सिनेमा’ ह्या मासिकाच्या ३१ व्या अंकात फ्राँस्वा त्रुफो ह्या तरुण समीक्षकाचा फ्रेंच चित्रपटातील एका प्रवृत्तीविषयीचा निबंध आला. लेखकाचे वय २१. निबंधाचा रोख ज्याला ‘दर्जेदार परंपरा’ म्हटले जाई त्या चित्रपटांवर होता, आणि त्यातही मुख्य आरोपी दोन: ओराँश आणि बोस्त. आरोप थोडक्यात असे. हे दोघे कादंबरीतला जो प्रसंग चित्रित होणार नाही असे त्यांना वाटते, तो काढून त्याच्या तोलाचा दुसरा प्रसंग रचतात. ही मूळ लेखकाशी प्रतारणा आहे. हे साहित्यिक आहेत, चित्रपटाला ते मनातून तुच्छ लेखतात. ते कोणाचीही कादंबरी घेवोत, तिच्यात धर्मविरोध, पाखंड आणि मध्यमवर्गाचा उपहास ह्यांची तीच मात्रा घालतात. आणि त्यांनी पटकथा हातावेगळी केली की चित्रपट झालाच. दिग्दर्शक फक्त त्यात चित्रे भरणारा. अशा परंपरेबरोबर खऱ्या कर्त्याच्या चित्रपटाचे सहजीवन शक्य नाही, असा निकाल देऊन निबंध संपतो. ह्याच निबंधातून पुढे ‘चित्रपटाचा कर्ता तो दिग्दर्शक’ हे सूत्र उभे राहिले, आणि आज जगातल्या प्रत्येक फिल्म सोसायटीत ते आरतीसारखे म्हटले जाते.

त्रुफो प्रतिभावान होता आणि ज्या चित्रपटांवर त्याने हल्ला केला त्यांतले बरेच जड, घोटीव आणि निर्जीव होते, हे आम्ही नाकारत नाही. हिचकॉकसारख्या धंदेवाईक समजल्या जाणाऱ्या दिग्दर्शकांकडे आदराने पाहायला ह्या मंडळींनी शिकवले, हे ऋणही मान्य. पण आरोप एकेक करून तपासले तर काय उरते?

रूपांतर म्हणजे प्रतारणा, हा पहिला आरोप. मराठी माणसाने तरी हा आरोप ऐकून घेऊ नये. देवलांचा ‘संशयकल्लोळ’ कोठून आला? मोलिएरच्या १६६० च्या एका प्रहसनापासून निघून, मर्फी नावाच्या इंग्रजी नाटककाराच्या हातून जाऊन तो देवलांकडे आला. आधी ‘फाल्गुनराव’ म्हणून गद्यात, मग १९१६ मध्ये संगीतात. आज फाल्गुनराव आणि कृत्तिका ही आपल्या शेजारची माणसे आहेत, आणि देवल ‘केवळ रूपांतरकार’ होते असे म्हणण्याची कोणाची छाती नाही. मूळ कृतीचा प्राण राखून तिला दुसऱ्या देहात बसवणे ही निर्मितीच असते. ओराँश-बोस्त ह्यांनी एमेच्या कथेचे काय केले ते पाहा. कथेत शेवटी मार्तँ चित्रकाराला ठार मारतो: गरिबाच्या जिवावर चाललेल्या श्रीमंताच्या खेळाचा तो सूड. चित्रपटात दोघेही जर्मनांच्या हाती सापडतात. चित्रकार प्रसिद्ध म्हणून ओळखला जातो आणि सुटतो, मार्तँला गाडीत कोंबून नेले जाते. युद्धानंतर रेल्वे स्टेशनवर दोघांची पुन्हा गाठ पडते, तेव्हा मार्तँ हमाल आहे, अजूनही दुसऱ्यांच्याच पेट्या वाहतो आहे. कथेचा सूड गेला, पण तिच्यातला वर्गभेद अधिक थंडपणे, अधिक जिव्हारी लागेल असा उभा राहिला. ही प्रतारणा असेल तर आम्हांला ती हवी आहे. त्रुफोलाही ती आवडली. १९५६ मध्ये ह्या चित्रपटाचे परीक्षण लिहिताना त्याने जवळजवळ हातचे न राखता स्तुती केली.

हे साहित्यिक चित्रपटाला तुच्छ लेखतात, हा दुसरा आरोप. भोकाभोकांचा तवा, अकॉर्डियनखाली दबलेले डुकराचे ओरडणे, बर्फाच्या बाहुल्यातले प्रेत, पेट्यांमागे लागलेली कुत्री: ह्यांतली कोणती गोष्ट ‘साहित्यिक’ आहे? ह्या सगळ्या डोळ्यांनी आणि कानांनी कळणाऱ्या गोष्टी आहेत. कागदावर त्या एका ओळीत संपतात. पडद्यावर पाच-पाच मिनिटे हसवतात. विनोदी पटकथाकाराचे काम हेच की, शब्दाने न सांगता कळेल अशी वस्तू शोधायची आणि ती नेमक्या जागी ठेवायची. फेदोच्या प्रहसनावरून १९४९ मध्ये ‘ऑक्युप-त्वा दामेली’ लिहिताना ह्याच जोडीने रंगभूमी आणि पडदा ह्यांच्यातली भिंत खेळता खेळता पाडली. नाटकाचे प्रेक्षकच कथानकात शिरतात. चित्रपट ह्या माध्यमाचा तिरस्कार करणाऱ्याला हे सुचत नाही.

तिसरा आरोप सर्वांत मनोरंजक आहे, आणि तो खरा आहे. ओराँशच्या लेखनात दांभिक धर्म, दांभिक प्रतिष्ठा आणि भित्रा सज्जनपणा ह्यांची टिंगल वारंवार येते. मूळ पुस्तक कोणाचेही असो, दिग्दर्शक कोणीही असो, ती येतेच. पण थांबा. निरनिराळ्या निर्मात्यांची, निरनिराळ्या कथांची कामे करतानाही ज्याच्या कृतींतून एकच दृष्टी, एकच ध्यास पुन्हा पुन्हा प्रकट होतो, तो ‘कर्ता’: ही तर ‘काये’च्या मंडळींचीच कसोटी! हिचकॉकला त्यांनी ह्याच कसोटीवर कर्ता ठरवले. मग तीच कसोटी पटकथाकाराला लावली की तो गुन्हा कसा होतो? त्रुफोने फिर्याद म्हणून जे लिहिले, ते ओराँशच्या कर्तृत्वाचे प्रमाणपत्र आहे. आणि टिंगलीच्या विषयाबद्दल म्हणाल, तर १६६४ मध्ये मोलिएरचा ‘तार्त्युफ’ बंद पाडणाऱ्यांचीही हीच तक्रार होती.

चौथा आरोप दिग्दर्शकाला चित्रे भरणारा केल्याचा. त्यावर त्रुफोचेच पुढचे चित्रपट साक्षीला बोलावू. १९५९ चा ‘ले कात्र साँ कू’ त्याने मार्सेल मूसी ह्याच्यासोबत लिहिला. १९६२ चा ‘झ्यूल ए झीम’ रोशेच्या कादंबरीवरून, ज्याँ ग्र्युओसोबत, म्हणजे रूपांतरच. १९६८ चा विनोदी ‘बेझे व्होले’ क्लोद द झिव्ह्रे आणि बेर्नार रव्हाँ ह्यांच्यासोबत. १९७३ च्या ‘ला न्वी आमेरिकेन’मध्ये ज्याँ-लुई रिशार आणि स्यूझान शिफमान. कर्त्याच्या चित्रपटाचा हा प्रणेता जवळजवळ प्रत्येक वेळी लेखकाचा हात धरून चालला, ह्यात कमीपणा काहीच नाही. कमीपणा आहे तो आपला. कारण ह्यांतले एकही नाव आपल्याला माहीत नाही.

ह्या निबंधाचा ओराँशवर काय परिणाम झाला, हे नेमके मापणे कठीण आहे. काम एकाएकी बंद पडले नाही. १९५९-६० पर्यंत तो लिहीत होता. पण नवी लाट आली, तरुण दिग्दर्शकांना ‘जुन्यांचा’ विटाळ झाला, आणि साठीच्या दशकात त्याच्याकडचे काम आटत गेले. त्याचे नाव एका लेखातल्या शिवीपुरते उरले. तेथून त्याला परत आणले ते एका तरुण दिग्दर्शकाने. बेर्त्राँ ताव्हेर्निए ह्याने आपल्या पहिल्याच मोठ्या चित्रपटासाठी, १९७४ च्या ‘लोर्लोझे द सँ-पोल’साठी, हेतुपुरस्सर ओराँश आणि बोस्त ह्यांचे दार ठोठावले. बोस्त १९७५ मध्ये गेला. ओराँशने ताव्हेर्निएसोबत आणखी चित्रपट लिहिले, आणि फ्रान्सचे सेझार पुरस्कार सुरू झाले तेव्हा पहिल्या दोन्ही वर्षी, १९७६ आणि १९७७ मध्ये, पटकथेचा पुरस्कार ह्या दोघांना मिळाला. १९८१ चा ‘कू द तोर्शाँ’ हा आफ्रिकेतील फ्रेंच वसाहतीत घडणारा काळाकुट्ट विनोदी चित्रपट पाहावा. सगळे ज्याला लाथाडतात असा एक आळशी पोलीस हसत हसत माणसे मारू लागतो. लिहिताना ओराँशने पंचाहत्तरी ओलांडली होती. तीस वर्षांपूर्वीच्या ‘लाल सराई’तला तोच विनोद, तीच बोचरी नजर, दिग्दर्शक मात्र दुसरा. हा आवाज कोणाचा, हे आता तरी कळायला हरकत नाही. पुढे २००२ मध्ये ताव्हेर्निएने ‘लेसे-पासे’ हा चित्रपट काढला, त्यात युद्धकाळातला ओराँश हे एक प्रमुख पात्र आहे. पटकथाकाराला नायक करणारे चित्रपट जगात मोजकेच असतील.

गंमत अशी की, समीक्षेने जे नाकारले ते कायद्याने केव्हाच मान्य केले होते. विनोदी नाटककाराच्या हक्कासाठी भांडणे ही फ्रान्समधली जुनी रीत. ‘सेव्हिलचा न्हावी’ लिहिणाऱ्या बोमार्शेने १७७७ मध्ये नाटककारांची संघटना उभारली ती नटमंडळ्यांच्या हिशेबातील लबाडीला कंटाळून. त्याच देशाच्या मार्च १९५७ च्या कायद्याने चित्रपटाचे सहकर्ते मोजून दिले: पटकथेचा लेखक, रूपांतराचा लेखक, संवादांचा लेखक, खास रचलेल्या संगीताचा कर्ता, आणि पाचवा दिग्दर्शक. आपल्याकडचा कॉपीराइट कायदाही १९५७ चाच, पण त्याने चित्रपटाचा कर्ता ठरवला निर्मात्याला. लेखकाच्या मानधनातील हक्काला थोडे बळ आले ते २०१२ च्या दुरुस्तीने. म्हणजे आपल्याकडे कायदा निर्मात्याकडे पाहतो, समीक्षा दिग्दर्शकाकडे आणि प्रेक्षक नटाकडे. लेखकाकडे पाहायला कोणी उरतच नाही. ‘दो आँखें बारह हाथ’ शांतारामबापूंचा, हे शाळेतला मुलगाही सांगतो. तो गदिमांनी लिहिला, हे त्यांच्या गाण्यांवर जीव टाकणाऱ्या किती घरांना ठाऊक आहे?

कोणी म्हणेल, विनोद तर नटाच्या चेहऱ्यात आणि दिग्दर्शकाच्या तोलात असतो. तीच पटकथा दुसऱ्याच्या हाती पडली तर फुकट जाईल. खरे आहे. २००७ मध्ये ‘लाल सराई’ पुन्हा निघाला, तेव्हा नामांकित विनोदी नट असूनही तो मूळ चित्रपटाच्या उंचीला पोहोचला नाही, असे आमचे मत आहे. पण हाच न्याय नाटकाला लावा. ‘संशयकल्लोळ’ वाईट नटांनी केला तर कंटाळवाणा होतो. म्हणून तो देवलांचा राहत नाही काय? फेर्नांदेलचा चेहरा अद्वितीय होता, परंतु तो चेहरा बोलू शकत नाही आणि गप्पही राहू शकत नाही अशा पेचात त्याला कोणीतरी आधी उभे केले होते. हसू नटाने आणले. पेच लेखकाने घातला.

आमचे मागणे दिग्दर्शकाला पायउतार करण्याचे नाही. इतकेच की, साहित्याच्या नावाने चालणाऱ्या संस्थांनी तरी लेखकाला साहित्यिक मानावे. आमच्या मंडळाच्या पत्रकांत येथून पुढे पटकथा, रूपांतर आणि संवाद ह्यांच्या लेखकांची नावे दिग्दर्शकाच्या नावाच्याच टाइपात छापली जातील, असे कार्यकारिणीत ठरले आहे. ह्या त्रैमासिकात चित्रपटांवर लिहिणाऱ्या मित्रांनाही विनंती की, लेखकाचे नाव शोधून, ते लिहूनच लेख पाठवावा. आणि त्या ज्येष्ठ बाईंना उत्तर द्यायला आम्हांला काही महिने लागले, त्याबद्दल त्यांनी क्षमा करावी.